देवलांची पदे, मोठ्या टाइपात: प्रकल्प नोंदी

५ जानेवारी

आजपासून ही वही. नाटककार गोविंद बल्लाळ देवलांच्या संगीत नाटकांतली पदे मोठ्या टाइपात उतरवायची, एवढेच काम. कारण आत्या. दोन्ही डोळ्यांचे ऑपरेशन झाले, पण ‘शारदा’ची जुनी प्रत हातात घेतली की तिला भिंग लागते आणि भिंगातून एका वेळी तीनच शब्द दिसतात. तीन-तीन शब्दांनी पद कसे वाचायचे? वाचनालयातल्या दुपारच्या बैठकीला येणाऱ्या आणखी आठ-दहा जणींची तीच गत आहे.

देवलांची नाटके सात. त्यातली ‘मृच्छकटिक’, ‘शारदा’ आणि ‘संशयकल्लोळ’ आधी घेते. ‘झुंजारराव’ म्हणजे ऑथेल्लो, ते गद्य, म्हणून यादीत नाही. फक्त पदे घ्यायची, संवाद नाहीत. वीस पॉइंटचे अक्षर, एका पानावर एक पद. देवल १९१६ साली गेले, त्यामुळे हक्कांचा प्रश्न येत नाही. १४ जून हा त्यांचा स्मृतिदिन. तोवर प्रत हातात यायला हवी.

११ जानेवारी

‘शारदा’चे पहिले दोन अंक स्कॅन झाले. संगणकाने अक्षरे ओळखली खरी, पण जुन्या छपाईतला ‘ख’ त्याला ‘रव’ दिसतो. प्रत्येक ‘सखे’चे ‘सरवे’ झाले आहे. ‘घ’ आणि ‘ध’ यांचीही अदलाबदल. पाने पिवळी पडल्यामुळे अनुस्वार कुठला आणि वाळवीचे टोक कुठले, हे भिंग लावूनच ठरवावे लागते. आता आत्या आणि मी एकाच भिंगाने काम करतो.

प्रत्येक पदाच्या डोक्यावर ‘चाल’ दिलेली असते, म्हणजे कुठल्या आधीच्या गाण्यावर हे म्हणायचे त्याची पहिली ओळ. ती ठेवायची की नाही? पेटीवाले काका म्हणाले, ठेव, ती नसली तर मी काय वाजवू. ठेवली.

१९ जानेवारी

आजची चूक माझी आहे, म्हणून सविस्तर लिहून ठेवते.

जुन्या छपाईत ‘कांहीं’, ‘पाऊणशें’, ‘मोठें’ असे अनुस्वार असतात. १९६२ च्या शुद्धलेखनाच्या नियमांनंतर ते गेले. मला वाटले, वाचणाऱ्यांना सोपे पडेल, म्हणून शुद्धलेखन तपासणीला सगळा मजकूर एकदम दिला आणि सुचवलेले सगळे बदल स्वीकारले. संध्याकाळी छापील पान आत्याला दिले. तिने ‘म्हातारा इतुका न’ गुणगुणायला घेतले आणि चौथ्या ओळीत अडखळली. पुन्हा सुरुवात केली, पुन्हा तिथेच अडखळली.

“अगं, इथे काहीतरी जास्तीचं आलंय,” म्हणाली.

मात्रा मोजल्या. ‘दंताजीचें ठाणें उठलें’ या सोळा मात्रा. ‘डोळे रुसले कांहिं न बघती’ यातला ‘हिं’ ऱ्हस्व धरला तर सोळा. मी तिथे ‘काही’ केले होते, म्हणजे सतरा. एक मात्रा वाढली आणि ऐंशी वर्षांच्या बाईचा गळा तिथे अडला. देवलांनी तो ‘हिं’ मुद्दाम आखूड ठेवला आहे. ‘परि’, ‘जणु’, ‘अजुनि’ हे सगळे तसेच. व्याकरणाच्या दृष्टीने अपुरे दिसणारे हे शब्द गळ्याच्या मापाने कापलेले आहेत.

सगळे बदल मागे घेतले. नियम ठरला: पदाला हात लावायचा नाही. जुने अनुस्वार, जुने ऱ्हस्व-दीर्घ, सगळे जसेच्या तसे. टिपा मात्र आजच्या लेखनात.

२ फेब्रुवारी

‘म्हातारा इतुका न’ हे पद पूर्ण तपासून झाले. हे एकच पद आठवडाभर समोर होते आणि अजून सोडवत नाही.

लहानपणापासून ऐकलेले. शाळेच्या गॅदरिंगला म्हटलेले. पंचाहत्तर वर्षांच्या नवऱ्याची थट्टा, एवढेच मला माहीत होते. ‘अवघें पाऊणशें वयमान’ यातला ‘अवघे’ आणि ‘पाऊणशे’ यांचा मेळ तेव्हाही हसू आणायचा. पंचाहत्तर म्हटले असते तर आकडा झाला असता. पाऊणशे म्हटल्यावर शंभराला अजून पाव बाकी आहे, पोर लहानच आहे, असे होते.

पण टाइप करताना शब्द एकेक करून बोटांखालून जातात तेव्हा दुसरेच दिसायला लागले. ‘दंताजीचें ठाणें उठलें’. दात पडले एवढे सांगायला देवलांनी दाताला दत्ताजीसारखे नाव देऊन सरदार केला आणि त्याचे ठाणे उठवले. पुढे ‘डोईचें मैदान’. पुढे कंबर वाकून ‘कमान’. ठाणे, मैदान, कमान. पडत्या किल्ल्याचे वर्णन चालले आहे. एकेक बुरूज ढासळतो आहे आणि किल्लेदार मात्र ‘उसनी घेउनी ऐट’ लग्नाला निघाला आहे.

मधल्या ओळींत कान फुटतात, डोळे रुसतात, मान ‘नन्ना’ म्हणते. म्हाताऱ्याची मान लटलट हलते ती कुणी पाहिली नाही? पण ती मान नको-नको म्हणते आहे, खुद्द त्याचेच शरीर या लग्नाला नकार देते आहे, हे ऐकू येणारा कान देवलांचा. सगळे घरातले वाक्प्रचार आहेत, एकही शब्द कोशात शोधावा लागत नाही. सोळा आणि अकरा मात्रांच्या जोडीत हे बसवले आहे आणि कुठे खटपट दिसत नाही. मराठीत याहून अवघड लिहिणारे खूप झाले. इतके सोपे लिहिणारा दुसरा मला तरी दाखवता येणार नाही.

१४ फेब्रुवारी

बैठकीत ‘शारदा’ची गोष्ट सांगायची वेळ आली, कारण दोघीतिघींना पदे पाठ होती पण कथा विसरल्या होत्या. कांचनभट पैशासाठी आपली मुलगी भुजंगनाथ या म्हाताऱ्याला द्यायला निघतो. भद्रेश्वर दीक्षित मध्यस्थ. लग्न लागता लागता कोदंड हा तरुण येऊन वर-वधू सगोत्र असल्याचे उघड करतो आणि विधी थांबतो. अर्ध्यावर मोडलेल्या लग्नातली मुलगी म्हणून शारदा जीव द्यायला निघते, कोदंड तिला वाचवतो आणि पुढे त्यांचे लग्न होते. १८९९ साली हे नाटक रंगभूमीवर आले, किर्लोस्कर नाटक मंडळीने केले. मराठी संगीत रंगभूमीवर तोवर पुराणातली आणि संस्कृतातली माणसे गात होती. शेजारच्या घरातली मुलगी गायला लागली ती इथे.

एकजण म्हणाल्या, या नाटकामुळेच शारदा कायदा झाला ना? हे मी शाळेतही ऐकले होते. टिपांत स्पष्ट लिहिले: १९२९ च्या बालविवाह प्रतिबंधक कायद्याला ‘सारडा कायदा’ म्हणतात ते अजमेरच्या हरबिलास सारडा यांच्यावरून, त्यांनी विधेयक मांडले म्हणून. त्यात मुलीचे वय चौदा आणि मुलाचे अठरा ठरले. नावांचे साम्य योगायोगाचे आहे. पण लोकांच्या मनात दोन्ही एक झाले यातही काही आहे. कायद्याच्या तीस वर्षे आधी ते नाव महाराष्ट्रातल्या घराघरांत या दुःखाचे नाव झालेले होते.

२७ फेब्रुवारी

आज सगळा बेत बदलला.

‘मृच्छकटिक’ चालू आहे. ‘रजनिनाथ हा नभीं उगवला’ या पदात ‘निटिल’ शब्द आला. अर्थ विचारायला संस्कृतच्या सरांकडे गेले. निटिल म्हणजे कपाळ, म्हणाले, आणि उठून शूद्रकाचे मूळ नाटक काढले. पहिला अंक. मूळ श्लोक ‘उदयति हि शशाङ्कः’ असा सुरू होतो. त्यात चंद्राला ‘राजमार्गप्रदीप’ म्हटले आहे, देवल लिहितात ‘राजपथीं जणु दीपचि गमला’. मुळात काळोखात पडणारे किरण हे चिखलात पडणाऱ्या दुधाच्या धारांसारखे, देवलांकडे ‘पंकीं जेवि पयाच्या धारा’. एक मात्र बदलले आहे. मुळात चंद्र कामिनीच्या गालासारखा फिकट आहे, देवलांनी त्याला नवयुवतीच्या कपाळासारखा विमल केला. गालाचे कपाळ आणि फिकटाचे निर्मळ. मला वाटते, मराठी घरातल्या बायका-मुलांसमोर गायचे म्हणून हात थोडा आखडला असावा. सर म्हणाले, शक्य आहे, पण कपाळावर चांदणे पडलेले जास्त शोभते हेही कारण असेल.

हे सगळे मी भराभर लिहून घेत होते. मग सरांनी सहज विचारले, “हे पद तो कधी म्हणतो, माहीत आहे ना?”

चांदणी रात्र, नायक, नायिका. एवढेच माझ्या डोक्यात होते.

सरांनी आधीची पाने वाचून दाखवली. नायिका वसंतसेनेला रात्री घरी पोचवायचे आहे. नायक चारुदत्त दिवट्या लावायला सांगतो. त्याचा मित्र मैत्रेय सांगतो की दिवट्यांना तेल नाही. चारुदत्त एके काळचा धनाढ्य, दानधर्मात सगळे घालवून बसलेला. घरात पाहुणी आहे आणि तिच्या वाटेवर उजेड धरायला तेल नाही. त्यावर तो म्हणतो, राहू द्या दिवट्या, चंद्र उगवला आहे.

राजपथावरचा दिवा! मी ते आजवर केवळ चंद्राचे वर्णन समजत होते. ते एका गरीब झालेल्या माणसाने आपली लाज झाकण्यासाठी शोधलेले देखणे उत्तर आहे. तेलाचा विषय आधी आला नाही तर ‘दीपचि गमला’ हा नुसता अलंकार राहतो.

आणि मी काय करत होते? संवाद गाळून पदे तेवढी एकेका पानावर मांडत होते.

३ मार्च

पाने पुन्हा मोजली. प्रत्येक पदाच्या आधीचे आणि नंतरचे संवाद घेतले तर प्रत अडीच पट होते. छपाईचा खर्चही. वाचनालयाच्या बैठकीत मांडले. एक मत असे पडले की लोकांना गाणीच हवी असतात, नाटकसंग्रह सगळीकडे मिळतात. ते खोटे नाही. बालगंधर्वांच्या काळापासून वन्समोअर घेत घेत ही पदे नाटकातून सुटी झाली, मैफलीत गेली, रेडिओवर गेली, म्हणून तर टिकली.

पण मी माझे म्हणणे धरून ठेवले. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली इथे सांगलीत ‘सीतास्वयंवर’ केले तेव्हा पदे सूत्रधार म्हणायचा आणि पात्रे आपापले भाषण वेळेवर रचून बोलायची. अण्णासाहेब किर्लोस्करांनी १८८० साली पुण्यात ‘शाकुंतल’ केले तेव्हा पद पात्राच्या स्वतःच्या तोंडी आले. शकुंतलेचे दुःख शकुंतलाच गाऊ लागली. हा मोठा फरक आहे. किर्लोस्कर बेळगावला शिक्षक असताना देवल त्यांचे विद्यार्थी होते, हे सगळे ते गुरूच्या हाताखाली शिकले. १८८५ साली किर्लोस्कर बेचाळिसाव्या वर्षी गेले आणि शिष्याने ती रीत पुढे नेली. ‘शारदा’ वाचताना गद्य कुठे संपले आणि पद कुठे लागले याचा सांधा बोटाला लागत नाही. बोलता बोलता आवाज भरून येतो, तसे पद येते. मग ते बोलणे तोडून द्यायचे कसे?

शेवटी मध्यम मार्ग निघाला. प्रत्येक पदाआधी मूळ संवादाच्या पाच-सात ओळी, थोड्या लहान अक्षरात, आणि पदानंतरचे पहिले वाक्य. पुन्हा टाइप करायला घेतले आहे.

१५ मार्च

हरिपूरला जाऊन आले. सांगलीहून जवळच. देवलांच्या लहानपणाचे गाव. कृष्णा आणि वारणेचा संगम, काठावर संगमेश्वर. हळदीच्या पेवांसाठी हे गाव प्रसिद्ध, जमिनीखाली खोल पेवांत हळद साठवायची. कामासाठी काही मिळवायचे नव्हते, फक्त बसून आले. उन्हाळ्यामुळे पाणी खाली गेले होते, दोन नद्यांचे दोन रंग वेगळे दिसत होते. शारदा नदीवरच जीव द्यायला निघते. या काठावर वाढलेल्या माणसाला ते दृश्य कल्पनेने रचावे लागले नसेल.

६ एप्रिल

‘संशयकल्लोळ’ हातात घेतले आणि घरातले वातावरण बदलले. आत्या दिवसभर ‘मृगनयना रसिक मोहिनी’ म्हणते आहे.

या नाटकाचा प्रवास टिपेत लिहिला. मोलिएरने १६६० साली पॅरिसमध्ये एक छोटे प्रहसन केले, बायकोवर उगाच संशय घेणाऱ्या नवऱ्याचे. १७६१ साली लंडनमध्ये आर्थर मर्फीने त्याचे मोठे नाटक केले. त्यावरून देवलांनी १८९३ साली ‘फाल्गुनराव’ हे गद्य नाटक लिहिले, त्याचेच दुसरे नाव ‘तसबिरीचा घोटाळा’. आणि आयुष्याच्या शेवटी त्यात पदे घालून त्याचे ‘संगीत संशयकल्लोळ’ केले. गंधर्व नाटक मंडळीने ते रंगभूमीवर आणले, गणपतराव बोडस फाल्गुनराव आणि बालगंधर्व रेवती. तेही १९१६ च, देवल गेल्यानंतर. रेवतीला गाताना त्यांनी प्रयोगात ऐकलेच नाही, हे लिहिताना हात थांबला.

पात्रांच्या यादीने आज तासभर खाल्ला. पुरुष महिन्यांच्या नावाचे: फाल्गुनराव, आश्विनशेठ, भादव्या. बायका नक्षत्रांच्या नावाच्या: कृत्तिका, रेवती, मघा. सगळे पंचांगच संसाराला लागले आहे. मग लक्षात आले की कृत्तिकेवरून कार्तिक महिना येतो, आणि नाटकात ती फाल्गुनरावाची बायको आहे. संशयाने भांडणारी जोडी पंचांगातही जुळत नाही! उलट रेवती हे सत्तावीस नक्षत्रांतले शेवटचे आणि अश्विनी पहिले, म्हणजे चक्रात रेवतीला लागूनच अश्विनी. आश्विनशेठ आणि रेवती शेवटी एकत्र येतात. देवलांनी हे ठरवून केले असे मी म्हणत नाही. पण वहीत नोंदवल्याशिवाय राहवले नाही. टिपांत घेतलेले नाही.

२२ एप्रिल

छपाईचे दर आले. वीस पॉइंटऐवजी अठरा केले तर परवडते. आत्याला दोन्ही पाने दाखवली, अठरा चालते म्हणाली. जोडाक्षरे मात्र मोकळी हवीत, ‘र्‍य’ आणि ‘द्य’ गुदमरतात. फाँट बदलला.

११ मे

वाचनाची पहिली तालीम. पेटीवाले काका, चौघी वाचणाऱ्या, दोघी गाणाऱ्या. ‘मूर्तिमंत भीति उभी मजसमोर राहिली’ हे पद आत्याकडे होते.

आधीचे संवाद वाचले गेले. आत्याच्या पाळीला पेटीने सूर दिला. ती थांबली. काकांनी पुन्हा सूर धरला. तरी थांबलेलीच. मग तिने पद गायलेच नाही, वाचले. सावकाश, ‘उभी’वर टेकून. भीती समोर येऊन उभी राहिली आहे आणि हलत नाही, हे त्या टेकण्यात ऐकू आले. खोलीत कुणी बोलले नाही. पेटीवर काकांचा हात तसाच राहिला होता.

परत येताना रिक्षात म्हणाली, “माझ्या आईचं लग्न अकराव्या वर्षी झालं. वडील बारा वर्षांनी मोठे. म्हातारे नव्हते, चांगले होते. पण ती सांगायची, पहिल्या रात्री मी देवघरात जाऊन दार लावून बसले होते म्हणून. हे पद मी पन्नास वर्षं गातेय, पण गाताना ती कधी आठवली नाही. आज आधीचं बोलणं कानावर पडलं आणि ती आठवली.”

ठरले: ते पद १४ जूनला वाचायचेच, गायचे नाही. काकांना पटले नव्हते, नंतर फोन करून हो म्हणाले.

२९ मे

शेवटची मुद्रिते. एकूण अकरा दुरुस्त्या, त्यातल्या सहा अनुस्वाराच्या. ‘भंवती’तला अनुस्वार शेवटच्या क्षणी परत बसवला. छपाईला दिले.

१४ जून

चाळीस प्रती आल्या. दुपारी पाऊस, तरी सव्वीस जण आले. ‘मृच्छकटिक’ने सुरुवात. दिवट्यांना तेल नाही हे वाक्य आले तेव्हा मागच्या रांगेतले एक आजोबा स्वतःशीच “अरे रे” म्हणाले, आणि लगेच पेटीवर ‘रजनिनाथ’ लागले. ‘म्हातारा इतुका न’ला सगळी खोली गात होती, कुणीही प्रतीकडे पाहत नव्हते. आत्याने ‘मूर्तिमंत भीति’ वाचले. तिने भिंग आणले नव्हते.

१६ जून

उरलेल्या प्रती: चौदा. दोन ठिकाणी छपाईची शाई फिकी आली आहे, पान ३१ आणि ५८, पुढच्या वेळी आधी नमुना मागायचा. तिघीजणींनी ‘शापसंभ्रम’ मागितले आहे. ते बाणाच्या संस्कृत ‘कादंबरी’वरून घेतलेले; ती सरांकडे आहे, शनिवारी आणायला जाते. आत्याला आठवणारे ‘शापसंभ्रम’मधले एक पद माझ्याकडच्या प्रतीत वेगळ्या शब्दांत दिसते आहे, म्हणून आधी दुसरी जुनी प्रत शोधायची.